यंत्राची तक्रार कशी वाचावी

घरीं विजेचें बिल येतें, शाळेंतून मुलाचें गुणपत्रक मिळतें, आगगाडीच्या तिकिटावर डब्याचा आणि जागेचा क्रमांक छापून येतो. या प्रत्येक कागदाच्या मागें एक प्रश्न असतो. संगणकांत सांठविलेल्या माहितीच्या कोठारास, ज्यास डेटाबेस म्हणतात, तो प्रश्न कोणी तरी विचारलेला असतो, आणि त्याचें उत्तर म्हणून तो कागद आपल्या हातीं पडतो. प्रश्न विचारण्याची भाषा ठरलेली आहे. त्या भाषेंत लिहिलेल्या प्रश्नास क्वेरी असें नांव आहे. नेहमीं लागणारे प्रश्न आणि हुकूम एकत्र बांधून, त्यांस एक नांव देऊन, ते कोठारांतच ठेवून दिले म्हणजे त्या गांठोड्यास स्टोअर्ड प्रोसीजर म्हणतात. आज पुष्कळ सुशिक्षित कुटुंबांतील मुलगे, मुली आणि सुना या विद्येवर चरितार्थ चालवीत आहेत. "एका स्वल्पविरामानें आज चार तास खाल्ले" असें त्यांच्यापैकीं कोणी म्हटलें, म्हणजे घरांतील वडील मंडळींना त्यांत अतिशयोक्ति वाटते. वस्तुतः ती नसते. एवढेंसें चिन्ह इतका घोटाळा कसा करतें, तो शोधून काढण्याची रीति कोणती, आणि त्या शोधांत उतावीळपणा केल्यास कोणाचें नुकसान होतें, याचा विचार येथें करावयाचा आहे.

ही भाषा फार जुनी नव्हे. मूळचे इंग्रज असलेले एडगर कॉड हे अमेरिकेंत आयबीएम कंपनीच्या सॅन होजे येथील प्रयोगशाळेंत काम करीत असतां त्यांनीं १९७० सालीं एक निबंध प्रसिद्ध केला. माहिती कोष्टकांच्या रूपानें मांडावी, आणि ती यंत्राच्या पोटांत कोठें व कशी ठेवली आहे याची विवंचना विचारणाऱ्यास पडूं नये, असा त्याचा आशय होता. पुढें १९७४ सालीं त्याच कंपनींतील डोनाल्ड चेंबरलिन व रेमंड बॉइस या दोघांनीं अशा कोष्टकांना प्रश्न विचारण्याची एक भाषा मांडली. तिचें पहिलें नांव "सीक्वेल" असें होतें. त्या नांवावर दुसऱ्या एका कंपनीचा हक्क असल्यामुळें तें आंखडून "एसक्यूएल" असें करण्यांत आलें. १९८६ सालीं अमेरिकेंत आणि १९८७ सालीं आंतरराष्ट्रीय संस्थेकडून तिला प्रमाणभाषेचा दर्जा मिळाला. गणित न शिकलेल्या माणसासहि ती वापरतां यावी, या हेतूनें तिचे शब्द साध्या इंग्रजींतून घेतलेले आहेत. "सिलेक्ट" म्हणजे निवडा, "फ्रॉम" म्हणजे अमक्या कोष्टकांतून, "व्हेअर" म्हणजे जेथें अमुक अट पुरी होत असेल तेथून. वाक्य वाचतांना एखादा मनुष्य दुसऱ्यास सांगत आहे असाच भास होतो.

परंतु सगळा घोटाळा या भासांतूनच उत्पन्न होतो. लिहिणाऱ्यास वाटतें कीं, भाषा माणसाची आहे, तेव्हां ऐकणाराहि माणसासारखाच समंजस असेल. आपल्याकडील जुनी मोडी पत्रें ज्यांनीं पाहिलीं असतील त्यांना हा भेद चटकन् ध्यानांत येईल. त्या पत्रांत शब्द तोडून लिहिण्याची चाल नव्हती आणि विरामचिन्हेंहि नव्हतीं. तरीहि मुरलेला कारकून तीं घडाघड वाची. कारण कोणी कोणास कशाविषयीं लिहिलें आहे हें त्यास ठाऊक असे, आणि जेथें अक्षर अपुरें पडे तेथें त्याची समजूत पुरी पडे. यंत्राजवळ अशी समजूत नाहीं. त्याच्याजवळ फक्त नियमांची एक वही आहे, आणि जें त्या वहींत बसत नाहीं त्यापाशीं तें थांबतें.

एक उदाहरण घेऊन पाहूं. समजा, एका जिल्ह्याच्या कचेरींत शिष्यवृत्तीची यादी तयार करावयाची आहे. तेथील तरुण कारकुनानें असें वाक्य लिहिलें: "सिलेक्ट नांव, गांव, फ्रॉम विद्यार्थी". वाक्यांत "गांव" या शब्दापुढें एक स्वल्पविराम अधिक पडला आहे. यंत्र हें वाक्य आरंभापासून एकेक शब्द घेऊन वाचीत जातें, आणि प्रत्येक शब्दानंतर पुढें काय येऊं शकेल याची अपेक्षा बाळगतें. "गांव" यापुढें स्वल्पविराम आला, तेव्हां आतां आणखी एका रकान्याचें नांव येणार अशी त्याची अपेक्षा झाली. आलें मात्र "फ्रॉम". तेथें तें अडलें, आणि "फ्रॉम या शब्दाजवळ वाक्यरचना चुकीची आहे" अशी तक्रार त्यानें केली. नवशिका मनुष्य ही तक्रार वाचून "फ्रॉम" या शब्दाकडे टक लावून बसतो. त्या शब्दाचें अक्षर न् अक्षर बरोबर असतें. तो तो शब्द खोडतो, पुन्हां लिहितो, कोष्टकाचें नांव तपासतो. अपराधी स्वल्पविराम मात्र एक पाऊल मागें स्वस्थ बसलेला असतो.

यावरून पहिला नियम निघतो. यंत्र जेथें अडलें ती जागा तें दाखवितें. मनुष्य जेथें चुकला ती जागा त्यास ठाऊक नसते. म्हणून तक्रारींत ज्या शब्दाचें नांव असेल त्या शब्दापासून उलट दिशेनें मागें वाचीत जावें. बहुधा एकदोन शब्दांत, क्वचित् एकदोन ओळींत, आणि कधीं कधीं मागील संपूर्ण वाक्यांत दोष सांपडतो. मायक्रोसॉफ्टच्या एसक्यूएल सर्व्हर या पद्धतींत "विथ" या शब्दानें आरंभ होणारी एक रचना आहे. तिच्या पूर्वींचें वाक्य अर्धविरामानें बंद केलेलें नसेल तर तक्रार "विथ" या शब्दाजवळ होते, पण औषध मागच्या वाक्याच्या शेवटीं लागतें. तेथील तक्रारींतच, मागील वाक्य अर्धविरामानें संपविलें पाहिजे, अशी सूचना दिलेली असते. परंतु तक्रार अखेरपर्यंत वाचण्याचें धैर्य फार थोड्यांस असतें.

कंस आणि अवतरणचिन्हें यांच्या बाबतींत हें अंतर आणखी वाढतें. अवतरणचिन्ह उघडलें आणि मिटलें नाहीं, तर पुढचा सर्व मजकूर यंत्र अवतरणाच्या आंतलाच समजतें. मग पुढें कोठें दुसरें अवतरण उघडलें जातें, त्यास तें पहिल्याचा शेवट मानतें. तेथून आंतलें तें बाहेर आणि बाहेरचें तें आंत होऊन बसतें. तक्रार येते ती दहा ओळींखालीं, भलत्याच शब्दावर. त्याचप्रमाणें प्रोसीजरमधील एखाद्या "बिगिन" या शब्दास जोडीचा "एंड" मिळाला नाहीं, तर यंत्र शेवटच्या ओळीपर्यंत त्याची वाट पाहतें आणि मजकूर संपल्यावर तक्रार करतें. मायएसक्यूएल या पद्धतींत तक्रारीमध्यें दोन अवतरणचिन्हें येतात आणि त्यांच्यामध्यें कांहींच नसतें. ती रिकामी जागा पाहून पुष्कळजण गोंधळतात. तिचा अर्थ इतकाच कीं, यंत्र पुढें कांहीं तरी येईल म्हणून थांबलें होतें, आणि मजकूर तेथेंच संपला. अशा वेळीं कोणता कंस, कोणतें अवतरण किंवा कोणता "एंड" राहिला आहे एवढेंच शोधावयाचें असतें. ओळीचा क्रमांकहि जपून घ्यावा. पुष्कळ ठिकाणीं तो त्या वाक्याच्या किंवा तुकड्याच्या आरंभापासून मोजलेला असतो, संपूर्ण मजकुराच्या आरंभापासून नव्हे.

कांहीं दोष डोळ्यांना दिसतच नाहींत. एखाद्यानें क्वेरी पत्रलेखनाच्या प्रोग्रॅममधून उतरून घेतली, तर सरळ अवतरणचिन्हांच्या जागीं वळणदार चिन्हें आलेलीं असतात. माणसास तीं शोभिवंत वाटतात, यंत्रास तीं ओळखूं येत नाहींत. तीच गत राखीव शब्दांची. "ऑर्डर", "ग्रुप" यांसारखे शब्द भाषेनें आपल्या कामासाठीं राखून ठेवलेले आहेत. दुकानदारानें मागण्यांच्या कोष्टकास "ऑर्डर" असें नांव दिलें कीं यंत्र अडतें. राखीव शब्दांची यादी कायमची नसते. मायएसक्यूएलची आठवी आवृत्ति २०१८ सालीं सर्वांच्या उपयोगासाठीं निघाली, तींत "रँक" हा शब्द राखीव झाला. त्यामुळें गुणानुक्रमाच्या रकान्यास "रँक" असें नांव देऊन वर्षानुवर्षें सुखानें चाललेल्या क्वेरी नव्या आवृत्तींत एकाएकीं अडल्या. अशा नांवाभोंवतीं विशिष्ट चिन्हें घातलीं म्हणजे अडचण दूर होते. पण तीं चिन्हेंहि पंथापंथाप्रमाणें निराळीं. एसक्यूएल सर्व्हरमध्यें चौकोनी कंस, ओरॅकल व पोस्टग्रेस यांत दुहेरी अवतरण, मायएसक्यूएलमध्यें मागें झुकलेलें एकेरी चिन्ह. प्रमाणभाषा एक असली तरी बोली अनेक आहेत, हें विसरून एका बोलींतील वाक्य दुसरींत चालविण्याचा प्रयत्न करणें हें तक्रारींचें एक मोठें कारण होय.

आतां स्टोअर्ड प्रोसीजरकडे वळूं. येथें एक निराळीच अडचण आहे. लिहिणारा आणि डेटाबेस यांच्यामध्यें एक निरोप्या असतो, म्हणजे ज्या प्रोग्रॅममध्यें मजकूर लिहिला जातो तो प्रोग्रॅम. मायएसक्यूएलमध्यें प्रोसीजरची सोय २००५ सालच्या पांचव्या आवृत्तीपासून आहे. तेथील निरोप्यास एवढेंच ठाऊक असतें कीं, अर्धविराम आला म्हणजे वाक्य संपलें. प्रोसीजरच्या पोटांत तर अनेक वाक्यें आणि अनेक अर्धविराम असतात. पहिला अर्धविराम दिसतांच निरोप्या तेवढाच तुकडा तोडून डेटाबेसच्या दारीं नेऊन टाकतो. अर्धें वाक्य पाहून डेटाबेस तक्रार करतो. लिहिणाऱ्याची प्रोसीजर निर्दोष असते, निरोप पोंचविण्यांत खोट असते. यासाठीं आरंभीं "डिलिमिटर" या शब्दानें निरोप्यास, आतां अमुक दुसरें चिन्ह दिसेपर्यंत थांब, असें सांगावें लागतें, आणि काम झाल्यावर पहिली व्यवस्था पुन्हां लावून द्यावी लागते.

एसक्यूएल सर्व्हरमध्यें निरोप्याची खूण "गो" ही आहे. प्रोसीजर "एंड" या शब्दापाशीं संपली असें लिहिणारा समजतो. यंत्र मात्र "गो" येईपर्यंतचा सर्व मजकूर प्रोसीजरचाच मानतें. "एंड" नंतर, चालवून पाहण्यासाठीं, त्याच प्रोसीजरला हांक मारणारी ओळ लिहिली आणि मध्यें "गो" घालण्याचें राहिलें, तर ती ओळहि प्रोसीजरच्या पोटांत शिरते. तयार करतांना यंत्र अडत नाहीं. चालविली म्हणजे ती प्रोसीजर स्वतःलाच हांक मारूं लागते, आणि अशा ३२ पायऱ्या झाल्यावर यंत्र तिला बळेंच थांबवितें.

ओरॅकलमध्यें सदोष प्रोसीजरहि नांवानिशीं नोंदली जाते. फक्त ती दोषांसह तयार झाली असा इशारा मिळतो, आणि ते दोष कोणते हें "शो एरर्स" असें स्वतंत्रपणें विचारावें लागतें. विचारल्यावर कित्येकदां वीस वीस तक्रारींची रांग लागते. तिला भिऊं नये. पहिली तक्रार तेवढी घ्यावी, ती दूर करावी आणि पुन्हां विचारावें. कारण एकदां वाट चुकल्यावर यंत्राला पुढचीं घरेंहि भलतींच दिसूं लागतात, आणि पहिला दोष गेला कीं बाकीच्यांतील बहुतेक तक्रारी आपोआप नाहींशा होतात.

याच संदर्भांत "तयार झाली" या शब्दांचा अर्थहि नीट समजून घेतला पाहिजे. एसक्यूएल सर्व्हरमध्यें प्रोसीजर तयार होतांना तिचें व्याकरण तपासलें जातें. तींत ज्या कोष्टकाचें नांव आहे तें कोष्टक अस्तित्वांत नसलें तरी यंत्र तेव्हां बोलत नाहीं. तें चालविण्याच्या वेळीं बोलतें. व्याकरणाचा दोष आणि नांवाचा दोष हे असे दोन निरनिराळे दोष आहेत. "रामा घरीं गेला" हें वाक्य शुद्ध आहे. पण गांवांत रामा नांवाचा कोणी नसेल तर त्या वाक्याचा उपयोग काय? तेव्हां प्रोसीजर तयार झाली म्हणून कामाचा शेवट मानणें हें शहाणपणाचें नव्हे.

सर्वांत फसवा दोष असतो तो प्रोसीजरच्या पोटांत तुकडे जोडून बनविलेल्या क्वेरीचा. एका तुकड्याच्या शेवटीं "फ्रॉम विद्यार्थी" असें आहे, आणि दुसऱ्याचा आरंभ "व्हेअर गांव" असा आहे. मध्यें मोकळी जागा ठेवण्याचें राहिलें, तर "विद्यार्थीव्हेअर" असा एक अभूतपूर्व शब्द तयार होतो. यंत्र तें कोष्टकाचें नांव समजतें, "गांव" हें त्याचें टोपणनांव समजतें, आणि पुढच्या बरोबरीच्या चिन्हापाशीं अडतें. दोष त्या चिन्हांत शोधूं गेल्यास दिवस मावळेल. येथें उपाय एकच: जोडून तयार झालेली संपूर्ण क्वेरी चालविण्यापूर्वीं पडद्यावर छापून पहावी. ती डोळ्यांसमोर आली कीं दोष बहुधा स्वतः होऊन पुढें येतो.

आणि हा केवळ सोयीचा प्रश्न नाहीं. वसईपासून गोव्यापर्यंत अनेक ख्रिस्ती घराण्यांचीं नांवें रोमन लिपींत लिहितांना मध्यें वर टांगलेलें एक चिन्ह येतें. "डिसोझा" हें त्यांपैकींच एक. तें चिन्ह आणि या भाषेंतील अवतरणचिन्ह एकच आहे. अर्जदाराचें नांव क्वेरीच्या मजकुरांत जसेंच्या तसें जोडणारी प्रोसीजर पाटील, जाधव, कुलकर्णी यांच्या नांवांवर बिनतक्रार चालते. डिसोझा आले कीं अवतरण अर्ध्यावरच मिटतें आणि यंत्र अडतें. मुलाचा अर्ज नोंदला जात नाहीं, आणि "नांवांतील चिन्ह काढून लिहा" असें त्यालाच सांगण्यांत येतें. ज्याचें नांव बापजाद्यांपासून बरोबर आहे त्याला तें चुकीचें ठरवून घ्यावें लागतें, हा कोठला न्याय? बरें, ज्या फटींतून हें चिन्ह वाक्य मोडतें त्याच फटींतून चोरहि आंत शिरतो. नांवाच्या जागीं मुद्दाम हुकूम लिहून डेटाबेस लुबाडण्याची ही युक्ति १९९८ पासून उघडपणें ठाऊक आहे. दोहोंवर औषध एकच आहे. नांव क्वेरीच्या मजकुरांत जोडूं नये. त्यासाठीं क्वेरींत जागा राखून ठेवावी आणि नांव स्वतंत्रपणें त्या जागीं पाठवावें. त्यास पॅरामीटर म्हणतात. मग नांवांत कोणतेंहि चिन्ह असो, यंत्र त्यास नांवच समजतें.

आतांपर्यंत जे दोष सांगितले त्यांत यंत्र निदान ओरडतें तरी. खरा धोका तें गप्प बसतें तेव्हां असतो. आणि तक्रार मिटविण्याच्या घाईंत मनुष्य आपल्या हातानें तें गप्प बसवितो. त्या शिष्यवृत्तीच्या यादीकडेच पुन्हां पाहूं. समजा, नियम असा आहे कीं, वसई किंवा पालघर तालुक्यांतील विद्यार्थी असावा, आणि त्याच्या कुटुंबाचें वार्षिक उत्पन्न अडीच लाखांच्या आंत असावें. कारकुनानें लिहिलें: "व्हेअर, कंस उघडा, तालुका वसई ऑर तालुका पालघर अँड उत्पन्न अडीच लाखांहून कमी, ऑर्डर बाय नांव". कंस उघडला, मिटला नाहीं. यंत्र "ऑर्डर" या शब्दाजवळ अडलें. संध्याकाळीं यादी फळ्यावर लागली पाहिजे, वरिष्ठ दारांत उभे आहेत. अशा वेळीं ही तक्रार तीन प्रकारांनीं मिटवितां येते. उघडलेला कंसच खोडून टाकावा. किंवा मिटणारा कंस अटींच्या अगदीं शेवटीं घालावा. किंवा तो "पालघर" या शब्दानंतर घालावा. तिन्ही वाक्यें व्याकरणदृष्ट्या निर्दोष आहेत. तिन्हींनीं यंत्र संतुष्ट होतें. परंतु खरें वाक्य फक्त तिसरें.

याचें कारण असें कीं, या भाषेंत "अँड" या शब्दाची पकड "ऑर" या शब्दाहून घट्ट असते. पहिल्या दोन वाक्यांत उत्पन्नाची अट एकट्या पालघरला चिकटते, आणि वसईचा प्रत्येक विद्यार्थी, मग तो बंगल्यांत रहात असला तरी, पात्र ठरतो. शिष्यवृत्तीचा पैसा मोजका असतो. वसईच्या सधन घरांतील मुलें यादींत शिरलीं, कीं दोन्ही तालुक्यांतील तितक्याच गरिबांचीं नांवें खालीं सरकून बाहेर पडतात. यंत्रानें कोठेंहि लाल अक्षर दाखविलें नाहीं. यादी सुबक छापून निघाली. नारायणराव पेशव्यांचा वध १७७३ सालीं झाला; त्यासंबंधीं "ध" चा "मा" झाल्याची जी कथा महाराष्ट्रांत घरोघर सांगितली जाते ती येथें आठवते. "धरावें" हेंहि शुद्ध आणि "मारावें" हेंहि शुद्ध. व्याकरण जाणणारा एखादा पंडित त्या कागदावर बसविला असता तरी त्यानें कांहीं हरकत घेतली नसती.

स्वल्पविरामाचें उदाहरणहि उलट बाजूनें पहावें. अधिक पडलेल्या स्वल्पविरामावर यंत्र तक्रार करतें, हें वर आलेंच. पण तो कमी पडला तर? "सिलेक्ट नांव गांव फ्रॉम विद्यार्थी" असें लिहिल्यास यंत्र मुळींच तक्रार करीत नाहीं. "नांव" या रकान्यास "गांव" असें टोपणनांव दिलें आहे असा तें अर्थ करतें, आणि "गांव" या मथळ्याखालीं विद्यार्थ्यांचीं नांवें छापून देतें. मराठी मजकुराच्या बाबतींतहि असाच एक निःशब्द अपघात होतो. एसक्यूएल सर्व्हरमध्यें देवनागरी मजकुराच्या अवतरणापूर्वीं "एन" हें एक अक्षर लावावें लागतें. तें राहिल्यास पुष्कळ ठिकाणीं यंत्र मजकूर मुकाट्यानें स्वीकारतें, पण कोष्टकांत नांवाच्या जागीं प्रश्नचिन्हांची रांग उभी राहते. आणि एकदां अशी झालेली नोंद पाहून मूळ नांव कोणतें होतें हें कोणासहि सांगतां येत नाहीं.

तात्पर्य, तक्रार दूर करण्याची रीति अशी असावी. प्रथम तक्रार शेवटच्या अक्षरापर्यंत वाचावी, आणि अनेक असल्यास पहिलीच घ्यावी. तींत दाखविलेल्या शब्दापासून मागें वाचीत जावें. क्वेरी लांब असल्यास सर्वांत आंतला तुकडा काढून तो एकटा चालवून पहावा. तो चालला तर त्याभोंवतींचा तुकडा घ्यावा, म्हणजे दोषाची हद्द आपोआप आंखली जाते. एका वेळीं एकच बदल करावा. एकदम चार बदल केले आणि तक्रार गेली, तर ती कशानें गेली हें कळत नाहीं, आणि उरलेल्या तीन बदलांनीं काय नवें बिघडविलें हेंहि कळत नाहीं. कंस उघडतांच मिटवून ठेवावा आणि मग त्याच्या पोटांत लिहावें. "अँड" आणि "ऑर" एकत्र आले कीं, यंत्राला गरज नसली तरी, कंस घालावे. ते पुढें वाचणाऱ्या माणसासाठीं असतात. नोंदी खोडणारा किंवा बदलणारा हुकूम देण्यापूर्वीं त्याच अटीवर "सिलेक्ट" चालवून कोणत्या नोंदी हातीं लागतात हें पहावें. अट लिहिण्याचें राहिलेला खोडण्याचा हुकूम व्याकरणानें पूर्ण शुद्ध असतो, आणि तो सगळें कोष्टक रिकामें करून टाकतो.

तक्रार थांबल्यावर आणखी एक काम उरतें, आणि घाईंत नेमकें तेंच राहतें. ज्यांचें उत्तर आधींच ठाऊक आहे अशा आठदहा नोंदी निवडून ठेवाव्या: वसईचा एक गरीब, वसईचा एक सधन, पालघरचा एक गरीब, पालघरचा एक सधन, उत्पन्न नेमकें अडीच लाख असलेला एक, नांवांत चिन्ह असलेला एक, देवनागरींत नांव लिहिलेला एक. क्वेरी यांच्यावर चालवून, कोण आंत आला आणि कोण बाहेर राहिला, हें हातानें केलेल्या यादीशीं ताडून पहावें. यास अर्धा तास लागतो. पालघरच्या एखाद्या पाड्यावरून यादी पहाण्यासाठीं कचेरींत आलेल्या मुलास कंस ठाऊक नसतो, "ऑर" ठाऊक नसतो, यंत्र दुपारीं कोणत्या शब्दापाशीं अडलें होतें हेंहि ठाऊक नसतें. तो फळ्यापुढें उभा राहून आपलें नांव वरून खालपर्यंत दोनदां शोधतो. तें तेथें असावयास हवें होतें कीं नव्हतें, हें सांगण्याचें काम यंत्राचें नव्हे. ज्यानें प्रश्न लिहिला त्याचें आहे.